सोनी पीव्हीएम-२०एम२: व्हिडिओ कला बघायला पहिल्या प्रतीचा, बिघडवायला कुचकामी

निकाल आधीच सांगून टाकलेला बरा. १९७०-८०च्या दशकांतली व्हिडिओ कला तिच्या मूळ रूपात बघायची, शिकवायची किंवा प्रदर्शनात मांडायची असेल, तर सोनीचा हा वीस इंची ट्यूबवाला मॉनिटर आजही घेण्यासारखा आहे. कॅमेरा आणि पडदा समोरासमोर ठेवून, कॅमेऱ्याला स्वतःचंच चित्र पडद्यावरून पुन्हा पुन्हा टिपायला लावणारे फीडबॅकचे प्रयोग करायचे असतील तरी तो छान साथ देतो. पण सिग्नलची मोडतोड करून, चित्र घसरवून किंवा काचेला चुंबक लावून काही घडवायचं असेल, तर हा घेऊ नका. कोणीतरी टाकून दिलेला घरगुती डबा टीव्ही त्या कामाला कैक पटींनी बरा. या मॉनिटरचं सगळं कसब चित्र जागच्या जागी धरून ठेवण्यात आहे, आणि व्हिडिओ कलेच्या निम्म्या इतिहासाला ते जागचं हलवण्यातच रस होता.

पीव्हीएम-२०एम२ आता फक्त वापरलेलाच मिळतो. १९९०च्या दशकात तो संकलन कक्षांत, प्रसारण केंद्रांत आणि रुग्णालयांत बसवला जाई. अलीकडे त्याला पुन्हा भाव आला तो जुने व्हिडिओ गेम खेळणाऱ्यांमुळे, म्हणून त्याची बहुतेक परीक्षणंही त्यांच्याच नजरेनं लिहिलेली सापडतात: आरजीबी (लाल, हिरवा, निळा वेगवेगळे देणारा सिग्नल) कशी दिसते, ओळींमधली काळी फट किती ठसठशीत आहे, वगैरे. व्हिडिओ कलेसाठी प्रश्न वेगळे आहेत.

पहिला प्रश्न हाच की ट्यूबच कशाला हवी? सपाट पडद्यावर सगळं दिसतंच की.

दिसतं, पण वेगळं काहीतरी दिसतं. सिनेमाची फीत उजेडाकडे धरली की चौकट न् चौकट डोळ्यांनी मोजता येते. व्हिडिओच्या टेपवर धरून बघण्यासारखं काहीच नसतं, आणि ट्यूबच्या पडद्यावर कोणत्याही एका क्षणी पूर्ण चित्र नसतं. पाल (भारतात आणि युरोपात बऱ्याच ठिकाणी चाललेल्या दूरचित्रवाणीच्या) पद्धतीत एक चित्र ६२५ ओळींचं असतं. त्यातल्या सुमारे ५७६ ओळी दिसण्यासाठी, बाकीच्या परतीच्या प्रवासासाठी. इलेक्ट्रॉनांचा झोत एक ओळ ६४ मायक्रोसेकंदांत आखतो, आधी एकाआड एक अशी निम्मी ओळ-माळ आणि मग उरलेली. अशा निम्म्या चित्राला फील्ड म्हणतात आणि सेकंदाला अशी ५० फील्ड होतात. एनटीएससीत (अमेरिका-जपानच्या पद्धतीत) ओळी ५२५, फील्ड ५९.९४. पडद्यावरचा फॉस्फर (झोत पडला की उजळणारा लेप) झोत पुढे सरकताच विझू लागतो. अखंड चित्र फक्त बघणाऱ्याच्या डोळ्यांत जुळतं.

हे पटवायला साधा प्रयोग पुरतो. मॉनिटरवर पूर्ण पांढरं चित्र लावा, कॅमेऱ्याचं शटर १/१००० सेकंदावर ठेवा आणि फोटो काढा. एक मिलिसेकंदात झोत जेमतेम १५-१६ ओळी आखतो, त्यामुळे फोटोत काळ्या काचेवर एक उजळ आडवा पट्टा आणि त्याच्यामागे विझत जाणारी शेपटी एवढंच येतं. (फोनच्या कॅमेऱ्याचा सेन्सर स्वतःच ओळीओळीनं वाचला जातो, त्यामुळे त्यात पट्ट्याची जाडी आणि तिरकेपणा फसवा येतो, शक्यतो पानांचं यांत्रिक शटर असलेला कॅमेरा घ्या.) एलसीडीवर हाच प्रयोग केला तर पूर्ण पांढरा पडदा मिळतो. व्हिडिओ हे माध्यम कशाचं बनलंय याची चौकशी करणाऱ्या कलाकृती या फरकावरच उभ्या आहेत, म्हणून त्या ट्यूबवर बघायच्या.

आता मॉनिटरकडे. समोरच्या पट्टीवर लाइन ए, लाइन बी आणि आरजीबी/कॉम्पोनंट निवडायची बटणं, त्यांच्या जोडीला अंडरस्कॅन (चित्र आकसून त्याच्या कडा दाखवणारं), एच/व्ही डिले, ब्लू ओन्ली, बाहेरचा सिंक (ओळ आणि फील्ड कधी सुरू करायचं ते सांगणारा इशारा) आणि डीगॉस (पडद्यात साचलेलं चुंबकत्व काढणारं). खुंट्या कॉन्ट्रास्ट, ब्राइटनेस, क्रोमा, फेज आणि अॅपर्चरच्या. मागे बीएनसी (केबल फिरवून अडकवायच्या) खाचा आणि एस-व्हिडिओ. पाल, एनटीएससी आणि सेकाम हे तिन्ही तो आपणहून ओळखतो, त्यामुळे वेगवेगळ्या देशांतल्या टेपा एकाच मॉनिटरवर लागतात. स्पीकर एकच आणि क्षीण. आवाज कलाकृतीचा भाग असेल तर तो वेगळ्या अॅम्प्लिफायरवर काढा.

या सगळ्यात एच/व्ही डिले हे बटण सोन्याचं आहे. दाबलं की चित्र आडवं-उभं सरकतं, त्याच्या कडा पडद्याच्या मध्यावर येतात आणि एरवी काचेबाहेर लपलेला काळा क्रूस दिसू लागतो. ब्राइटनेस जरा चढवा म्हणजे काळ्यातही दोन छटा कळतील: ब्लँकिंगचा (परतीच्या प्रवासात झोत बंद असतो तेव्हाचा) काळा आणि त्याहून खोल सिंकचा काळा. आडवा पट्टा म्हणजे झोत खालून पुन्हा वर जातो तो काळ, पालमध्ये दर फील्डला २५ ओळी, अर्थात १.६ मिलिसेकंद. व्हिडिओ-कलाकार जोन जोनास यांच्या १९७२ सालच्या ‘व्हर्टिकल रोल’मध्ये जो काळा पट्टा वीसेक मिनिटं आपटत राहतो, तो हाच. तिथे पडद्याचा उभा सिंक सुटलेला आहे, आणि सुटलेलं ते चित्र दुसऱ्या कॅमेऱ्यानं पडद्यावरून पुन्हा टिपलेलं आहे. कलाकृती दाखवण्याआधी विद्यार्थ्यांना हे बटण दाबून दाखवलं तर तासाभराचं व्याख्यान वाचतं.

त्याच बटणाचा दुसरा उपयोग टेपा तपासण्याचा. व्हीएचएसमध्ये फिरत्या हेडांची अदलाबदल उभ्या सिंकच्या ५ ते ८ ओळी आधी होते, तिथे चित्र फाटल्यासारखं दिसतं. घरगुती टीव्हीत ते काचेच्या कडेखाली दडतं. डिले किंवा अंडरस्कॅन लावलं की फाटका भाग समोर. तो या पाच-आठ ओळींपेक्षा फार वर चढून आला असेल, तर खोट मॉनिटरमध्ये शोधू नका. टेप चालवणाऱ्या यंत्राची जुळणी बिघडली आहे.

अंडरस्कॅनबद्दल मात्र एक सावधगिरी. १९७०च्या दशकातल्या बऱ्याच कामांची चौकट घरगुती टीव्हीच्या कापलेल्या कडा गृहीत धरून ठरवलेली आहे. प्रदर्शनात अंडरस्कॅन चालू ठेवलं तर कलाकारानं लपलेलं मानलेलं कडेचं खरकटं प्रेक्षकाला दिसतं. तपासायला चालू, दाखवताना बंद. टेपचं खरकटं हाच ज्या कामाचा विषय आहे, तिथे अर्थातच उलट.

ब्लू ओन्ली रंग जुळवण्यासाठी. एनटीएससीचे रंगपट्टे लावा, ब्लू ओन्ली दाबा, क्रोमा अशी फिरवा की डावीकडचा राखाडी पट्टा आणि उजव्या टोकाचा निळा सारखे उजळ दिसतील. मग फेज फिरवून सायन आणि मजेंटा हे दोन पट्टे सारखे करा. दोन्ही खुंट्या एकमेकींवर थोडा परिणाम करतात, म्हणून ही फेरी दोनदा. पालमध्ये फेजची खुंटी काहीच करत नाही, कारण पाल एकाआड एक ओळीत रंगाची दिशा उलटवून चूक आपोआप फेडतं. मॉनिटर बिघडला असं समजून दुरुस्तीला नेऊ नका!

मॉनिटर नीट असूनही चित्र वाईट दिसण्याचं सगळ्यात नेहमीचं कारण टर्मिनेशन. कॉम्पोझिट सिग्नल (उजेड, रंग आणि सिंक एकाच तारेतून नेणारा) १ व्होल्टचा, आणि तो ७५ ओहमच्या एकाच भारावर संपला पाहिजे. या मॉनिटरमध्ये आत येणाऱ्या खाचेशेजारी बाहेर जाणारी खाच आहे, पुढच्या मॉनिटरला सिग्नल देण्यासाठी. तिथे केबल खोचली की आतला ७५ ओहम आपोआप सुटतो. इथेच घोटाळा होतो: प्रदर्शन आवरताना पुढचा मॉनिटर काढला जातो, त्याची केबल मागे लोंबकळत राहते, आणि सिग्नल जवळजवळ दुप्पट चढून पांढरे भाग जळल्यासारखे होतात, कडांना भुतासारखी दुसरी रेघ येते. उलट चूक म्हणजे टी-जोड लावून दोन मॉनिटर एकाच केबलवर घेणं; दोघांचेही ७५ ओहम लागले की सिग्नल दोन-तृतीयांशावर येतो आणि चित्र मळकट, अंधारं होतं. दोन्ही वेळा लोक कॉन्ट्रास्टची खुंटी फिरवत बसतात. आधी मागे वाकून केबली बघा. साखळी पहिल्या मॉनिटरच्या आउटवरून दुसऱ्याच्या इनला अशी ओवायची आणि फक्त शेवटच्या मॉनिटरची आउट खाच मोकळी सोडायची.

संगणक किंवा आजच्या माध्यम-पेटीतून चित्र द्यायचं म्हटलं की खरी कटकट सुरू होते. हा मॉनिटर फक्त १५.६ ते १५.७ किलोहर्ट्झच्या ओळ-गतीचा सिग्नल घेतो. संगणकाचा नेहमीचा व्हीजीए सिग्नल ३१ किलोहर्ट्झपासून पुढे, एचडी त्याहून वर. तो थेट जोडून काहीही निघणार नाही.

सगळ्यात निर्धास्त मार्ग म्हणजे डीव्हीडी प्लेअर. जुनाट वाटेल, पण तो जन्मानंच ७२० गुणिले ५७६चा, विणलेल्या फील्डांचा सिग्नल देतो. त्यात चूक व्हायला एकच जागा: फील्डांचा क्रम. डीव्ही टेपवरून उतरवलेल्या फायलींत खालचं फील्ड आधी येतं, तर डीव्हीडी बनवणारी साधनं सहसा वरचं आधी धरतात. क्रम उलटला तर स्थिर चित्र अगदी ठीक दिसतं, पण कोणी चाललं की दोन पावलं पुढे, एक मागे अशी थरथर. म्हणून तपासणी स्थिर चित्रावर करू नका. कॅमेरा आडवा फिरतोय असा तुकडा लावून बघा.

रास्पबेरी पाय हा एका पाटीवरचा छोटा संगणक दुसरा मार्ग, फाइल अखंड फिरत ठेवायला फार सोयीचा. साडेतीन मिलिमीटरच्या खाचेतून कॉम्पोझिट निघतं. चौथ्या पिढीत ते सेटिंगमधून मुद्दाम चालू करावं लागतं, आणि पाचवीत खाचच नाही, पाटीवर डाग लावून तारा काढाव्या लागतात. जुन्या फर्मवेअरमध्ये मोड ० म्हणजे एनटीएससी आणि २ म्हणजे पाल. नव्या प्रणालीत पद्धतीचं नाव सुरुवातीच्या आज्ञा-ओळीत लिहायचं. केबल घेताना जपा. पायमध्ये टोकापासून क्रम डावा आवाज, उजवा आवाज, ग्राउंड, व्हिडिओ असा आहे. हँडीकॅमसाठी मिळणाऱ्या दिसायला तशाच केबलींत हा क्रम बऱ्याचदा वेगळा असतो. चित्र न येता नुसती गुरगुर ऐकू आली तर पाय जळलेला नाही, केबल चुकली आहे.

तिसरा मार्ग, एचडीएमआयवरून कॉम्पोझिट करणारी छोटी डबी. स्वस्त, सगळीकडे मिळणारी, आणि नीट हाताळली नाही तर कलाकृतीची वाट लावणारी. ती अख्खं १६:९ चित्र दाबून ४:३ मध्ये बसवते. मूळ ४:३ काम कडेला काळे पट्टे ठेवून पाठवलं, तर माणसं काठीसारखी बारीक होतात आणि पट्टेही राहतात. उपाय उलटा आहे: प्लेअरमध्ये ४:३ काम मुद्दाम ताणून पूर्ण १९२० गुणिले १०८० भरून पाठवा, डबी ते दाबून पुन्हा सरळ करते. डबीवरची पाल-एनटीएससीची कळ आणि संगणकाचा रिफ्रेश रेट (सेकंदाला किती वेळा चित्र पाठवतो तो दर) जुळवा. ५० हर्ट्झचं काम ६०वर पाठवलं की दर सेकंदाला दहा चित्रं दुबार जातात आणि हालचाल अडखळते.

फील्डांचा विषय इथे पुन्हा येतो, आणि तो हलणाऱ्या प्रतिमेचा विषय असल्यामुळे त्यावर थांबायला हवं. जुन्या व्हिडिओत सेकंदाला २५ नव्हे, ५० वेगवेगळे क्षण नोंदलेले असतात. दोन फील्डांमध्ये १/५० सेकंद गेलेलं असतं. संगणकासाठी फाइल करताना बहुतेक जण दोन फील्डं मिसळून किंवा एक फेकून २५ चित्रं करतात. व्हिडिओचा तो ओघवता, ‘आत्ता घडतंय’ असा वाटणारा गुळगुळीतपणा तिथेच मरतो, आणि काम सिनेमाच्या अंगानं जाऊ लागतं. काही संग्रहांनी नेटवर ठेवलेल्या प्रतीही अशाच अर्ध्या गतीच्या आहेत. फाइल बनवताना डीइंटरलेस गाळणीला (फील्डांची पूर्ण चित्रं करणाऱ्या साधनाला) दर फील्डमागे एक चित्र काढायला सांगा, म्हणजे ५० चित्रांची फाइल मिळेल. ती डबीतून गेली तरी पुन्हा ५० फील्डं होतात आणि या मॉनिटरवर गती शाबूत राहते. २५ची फाइल दिली तर महागडा मॉनिटर शोभेपुरता.

एम२ घ्यावा की त्याचाच भाऊ पीव्हीएम-२०एम४? बाजारात एम४ला जास्त मान आहे, कारण त्याची तपशील-क्षमता ८०० टीव्ही ओळी आणि एम२ची ६००. पण व्हीएचएस टेपवर सुमारे २४० ओळींचाच तपशील असतो, डीव्हीडीवर पाचशेच्या आसपास. म्हणजे ६०० मध्ये सगळं आरामात मावतं. उलट एम४चा झोत बारीक असल्यानं दोन ओळींमधली काळी फट जास्त दिसते, आणि ज्या घरगुती टीव्हीसाठी ही कामं झाली त्यांचं चित्र इतकं चिरलेलं कधीच नव्हतं. व्हिडिओ कलेपुरता एम४ म्हणजे नाकापेक्षा मोती जड. चौदा इंचीतही हीच जोडी मिळते, १४एम२ आणि १४एम४. एकट्यानं उचलायचा असेल आणि प्रेक्षक दोन-तीनच असतील तर चौदा इंची पुरतो. त्याच्या वरची सोनीचीच बीव्हीएम मालिका आणखी काटेकोर, पण त्यातल्या काही मॉडेलांची नियंत्रण-पाटी वेगळी येते आणि ती हरवलेली असेल तर खोकं निरुपयोगी.

पोर्टापॅकच्या (खांद्याला लावून नेता येणाऱ्या जुन्या व्हिडिओ यंत्राच्या) काळातल्या अर्धा इंची टेपा थेट मूळ यंत्रावरून लावणार असाल, तर या मॉनिटरकडून दयामाया अपेक्षू नका. त्या टेपांची वेळ डळमळीत असते आणि चित्राचा वरचा भाग झेंड्यासारखा एका बाजूला वाकतो. मध्ये टाइम बेस करेक्टर, म्हणजे ही वेळ पुन्हा जुळवून देणारं यंत्र, हवाच.

फीडबॅकला मात्र हा मॉनिटर मनापासून साथ देतो. मांडणी अशी: कॉम्पोझिट आउट असलेला जुना सीसीडी हँडीकॅम, पक्का तिपाई, लेन्सच्या अक्षाभोवती फिरवता येईल असं डोकं. कॅमेरा पडद्यापासून दीड मीटरवर. एक्स्पोजर, फोकस आणि व्हाइट बॅलन्स तिन्ही हाती, चित्र-स्थिरक बंद, गेन शून्य. शटर पालला १/५०, एनटीएससीला १/६०. त्याहून जलद केलं तर वर सांगितलेला पट्टाच लूपमध्ये शिरतो. खोली अंधारी. मॉनिटरचा ब्राइटनेस इतका खाली की काळं खरंच काळं दिसेल, कॉन्ट्रास्ट मधोमध. कॅमेऱ्याची चौकट आणि पडद्याची चौकट बरोबर एकावर एक येईपर्यंत झूम करा. मग टॉर्चचा एक झटका पडद्यावर टाका. बी पेरल्याशिवाय काही उगवत नाही.

उजेड एका फेरीत कमी होत असेल तर आकृती दोन सेकंदांत विझते, वाढत असेल तर सगळं पांढरं. मधली अरुंद जागा कॉन्ट्रास्टच्या खुंटीवर सापडते, अक्षरशः केसाच्या अंतरानं. झूम किंचित आत घेतला तर आकृत्या केंद्रातून बाहेर फुलत जातात, किंचित बाहेर घेतला तर बोगदा तयार होतो. कॅमेरा अक्षाभोवती ७२ अंश फिरवला की पाच पाकळ्या, ६० अंशांना सहा. अंशभर इकडेतिकडे झालं की आकृती सावकाश वळू लागते. एक्स्पोजर आपोआप ठेवलं असेल तर पडदा धापा टाकल्यासारखा उजळतो-विझतो, आणि नवख्यांना तोच फीडबॅक वाटतो.

या मॉनिटरच्या दोन खुंट्या इथे वाद्यासारख्या चालतात. अॅपर्चर म्हणजे कडा धारदार करणारी खुंटी. लूपमध्ये तिचा परिणाम दर फेरीला साचतो. फोकस किंचित मऊ ठेवून अॅपर्चर चढवली की पडद्यावर ठिपके आणि पट्टे आपोआप मांडले जातात, प्राण्याच्या कातडीवर असतात तसे. फोकस अगदी धारदार ठेवलात तर ट्रिनिट्रॉनच्या (सोनीच्या रंगीत ट्यूबच्या) उभ्या जाळीचा मोआरे (दोन जाळ्या एकमेकींवर आल्यावर दिसते तशी लाटांची नक्षी) उमटतो आणि बाकी सगळं गिळतो. दुसरी खुंटी फेजची. एनटीएससीत ती रंगाचा कोन फिरवते, लूपमध्ये दर फेरीला तेवढाच कोन पुन्हा फिरतो, आणि बोगद्याच्या प्रत्येक कड्याला पुढचा रंग मिळतो. पालमध्ये हा खेळ होतच नाही. म्हणून कॅमेरा निवडायची मुभा असेल तर फीडबॅकसाठी एनटीएससी घ्या, बाकीच्या सगळ्याला पाल असलं तरी.

नवा एचडीएमआय कॅमेरा आणि ती डबी वापरून हे सगळं करायला गेलं की निराशा होते. ट्यूब स्वतः चित्र अडवून ठेवत नाही, पण कॅमेरा आणि डबी मिळून चार चित्रांचा उशीर लावतील असं धरा: १६० मिलिसेकंद. मग लूप सेकंदाला सहाच फेऱ्या मारतो आणि प्रवाहाऐवजी हिसके दिसतात. उशीर हाच विषय असेल तर गोष्ट वेगळी. डॅन ग्रॅहम यांच्या १९७४च्या ‘प्रेझेंट कंटिन्युअस पास्ट(स)’मध्ये आरसा, कॅमेरा आणि आठ सेकंद मागे चालणारा पडदा आहे, आठ सेकंदांत चार चित्रं इकडे की तिकडे, कोणाला कळणार?

पडद्यावरून पुन्हा चित्रित करायलाही हा मॉनिटर चांगला. डेव्हिड हॉल यांनी १९७६ साली बीबीसीसाठी केलेल्या ‘धिस इज अ टेलिव्हिजन रिसीव्हर’मध्ये ओळखीचा वृत्तनिवेदक पडद्यावरून पुन्हा पुन्हा टिपला जातो, आणि अखेर चेहऱ्याच्या जागी नुसते उजेडाचे डाग उरतात. तसं करून बघायचं तर कॅमेरा पडद्याच्याच दराचा हवा. पालच्या पडद्यासमोर २४ किंवा ३० चित्रांचा कॅमेरा ठेवला की काळे पट्टे तरंगत जातात. शिवाय पीव्हीएम इतका स्वच्छ आहे की चार-पाच पिढ्यांपर्यंत चेहरा बराच ओळखू येतो. झीज लवकर हवी असेल तर मधल्या एखाद-दोन पिढ्या व्हीएचएसवरून काढा.

आता चुंबक. नाम जून पाइक यांचं १९६५चं ‘मॅग्नेट टीव्ही’ कृष्णधवल संचावर होतं, ही बाब सहज विसरली जाते. कृष्णधवल ट्यूबमध्ये जाळी नसते. चुंबक उचलला की चित्र सरळ. रंगीत ट्रिनिट्रॉनमध्ये काचेमागे पोलादी तारांची जाळी असते, ती चुंबकित होते आणि पडद्यावर जांभळे-हिरवे डाग राहतात. साध्या चुंबकाचे डाग डीगॉसनं जातात. डीगॉसचा भाग प्रत्येक वापरानंतर तापतो, तो निवायला दहा-पंधरा मिनिटं द्यावी लागतात, लागोपाठ दाबून काही होत नाही. निओडिमियमचा दणकट चुंबक मात्र जाळीच वाकवू शकतो, आणि मग डाग कायमचे. हा मॉनिटर त्यासाठी वाया घालवू नका.

वापरलेला घेताना अर्धा तास तापू द्या. थंड असताना चांगलं आणि तापल्यावर बिघडलेलं, असंही घडतं. पूर्ण पांढऱ्यावर रंगाचे ढग दिसले तर आधी डीगॉस. उभ्या-आडव्या रेघांच्या चाचणी-चित्रावर कोपऱ्यांत लाल-निळ्या रेघा सुट्या पडल्या तर त्या पूर्ण जुळतील अशी आशा धरू नका. कॉन्ट्रास्ट चढवल्यावर उजळ भाग चिखलासारखे पसरत असतील तर ट्यूब थकली आहे, सोडून द्या. बंद पडद्यावर टॉर्च तिरका मारा: पाळत-यंत्रणेत किंवा रुग्णालयात वर्षं काढलेल्या मॉनिटरच्या काचेवर तारीख-वेळेची अक्षरं भाजलेली दिसतात. पडद्यावर एक-दोन केसासारख्या आडव्या सावल्या असतील तर तो दोष नाही. जाळी थरथरू नये म्हणून बांधलेल्या तारा आहेत त्या. आणि झाकण उघडू नका. आतला वीसेक हजार व्होल्टचा भार प्लग काढल्यावरही राहू शकतो.

वजन सुमारे ३० किलो, जवळजवळ सगळं काचेच्या बाजूला. उचलताना पडदा छातीकडे. काही कामांत मॉनिटर कुशीवर आडवा करतात. त्याची जुनी आठवण म्हणजे १९६३च्या मार्चमध्ये वुपर्टालच्या गॅलरी पार्नासमध्ये ठेवलेला पाइक यांचा संच: झोत वर-खाली फिरवणारी यंत्रणा गेलेली, सगळं चित्र आकसून एकच उजळ रेघ, आणि संच कुशीवर ठेवल्यामुळे ती रेघ ताठ उभी. ती रेघ ट्यूब बिघडवून काढायला जाऊ नका, सगळा झोत एकाच जागी फॉस्फर भाजतो. मॉनिटर कुशीवर असेल तर एकच आडवी पांढरी रेघ असलेली फाइल बनवून लावा, उजेड मध्यम ठेवा. कुशीवर ठेवताना हवा जाण्याच्या खाचा जमिनीला टेकणार नाहीत अशी बाजू निवडा, खाली दहा सेंटिमीटरची फट ठेवा, आणि जागेवर बसल्यावरच चालू करून डीगॉस दाबा. पृथ्वीच्या चुंबकत्वाशी असलेला कोन बदललेला असतो, त्यामुळे आधी काढलेले रंगाचे ढग परत आलेले असतात.